तीस सेकंद ते त्रेपन्न भाग

वनराज भाटियांचं नाव घेतलं की मराठी रसिक पहिला प्रश्न विचारतो तो गाण्यांचा. कुठली गाणी? प्रश्नात गैर काही नाही. नाट्यसंगीत, भावगीत आणि मग चित्रगीत अशा क्रमानं आपला कान घडला; संगीतकार जोखायचा तो चालींवरून, हे आपल्या अंगवळणी पडलं आहे. या मापानं भाटियांच्या खात्यावर फार थोडं जमा दिसतं. 'मंथन'मधलं प्रीती सागरनं गायिलेलं गुजराती गाणं, 'भूमिका'तली काही, 'जुनून'मधली कव्वाली, 'मंडी'तल्या गझला, 'सरदारी बेगम'मधल्या ठुमऱ्या. कारकीर्द पन्नास वर्षांहून मोठी, आणि सांगता येण्याजोगी गाणी एवढीच.

पण सत्तरीच्या दशकात ज्यानं मुख्य चित्रपटाआधीच्या जाहिराती पाहिल्या, किंवा १९८८ मध्ये रविवारी सकाळी दूरदर्शन लावलं, त्याच्या कानात भाटिया मुक्कामाला आहेतच. लिरिल साबणाची धबधब्याखालची धून त्यांची. गार्डन वरेली त्यांची, ड्युलक्स त्यांची. 'तमस'च्या सुरुवातीची ती आर्त हाक त्यांची आणि 'भारत एक खोज'च्या आरंभी लाटांवरून येणारे ऋग्वेदाचे सूरही त्यांचेच. ऐकणाऱ्यांपैकी शंभरातल्या नव्वदांना या सगळ्यामागे एकच माणूस आहे याचा पत्ता नव्हता. असण्याचं कारणही नव्हतं. जाहिरातीला श्रेयनामावली नसते आणि मालिकेची श्रेयनामावली येईपर्यंत आपण उठून चहाकडे वळलेले असतो.

या प्रस्तावनेत मला एकच गोष्ट पटवून द्यायची आहे. भाटियांनी पोटासाठी जाहिराती केल्या आणि मनासाठी प्रयोग, अशी एक वाटणी त्यांच्याविषयी बोलताना सर्रास केली जाते. मला ती मान्य नाही. त्यांचे प्रयोग जाहिरातींत, सिनेमांत आणि मालिकांतच झाले, कारण पैसे मोजून बसवलेले वादक तिथेच होते. या देशात पाश्चात्य पद्धतीनं शिकलेल्या रचनाकाराला हवा तेव्हा वाद्यवृंद कोण देणार? साबणवाले देत होते, रंगवाले देत होते, साड्यावाले देत होते. भाटियांनी तो घेतला आणि त्याच्याकडून आपल्याला हवं ते वाजवून घेतलं.

आधी थोडा पूर्वेतिहास. जन्म मुंबईचा, ३१ मे १९२७ चा, घर कच्छी. न्यू एरा शाळेत असताना चायकोव्स्कीचा पियानो कॉन्चेर्तो कानावर पडला आणि मुलगा पियानोच्या नादी लागला. एल्फिन्स्टन कॉलेजातून इंग्रजी घेऊन १९४९ मध्ये एम. ए., मग थेट लंडनची रॉयल अकॅडमी ऑफ म्युझिक. तिथे हॉवर्ड फर्ग्युसन, ॲलन बुश, विल्यम ऑल्विन यांच्यासारखे शिक्षक मिळाले आणि १९५४ मध्ये सुवर्णपदक. यातल्या ऑल्विन यांचं नाव लक्षात ठेवण्यासारखं आहे. ब्रिटिश चित्रपटांना पार्श्वसंगीत देणाऱ्या मोठ्या रचनाकारांपैकी ते एक. सिंफनी लिहिणारा माणूस सिनेमालाही संगीत देतो आणि त्यात त्याला काही कमीपणा वाटत नाही, हे भाटियांनी विद्यार्थिदशेतच जवळून पाहिलं.

मग पॅरिस आणि नादिया बुलांजे. या बाईंबद्दल थोडं थांबायला हवं. विसाव्या शतकातल्या संगीताचा निम्मा नकाशा त्यांच्या शिकवणीतून गेला आहे असं म्हटलं तर फारशी अतिशयोक्ती होणार नाही. अमेरिकेचे एरन कोपलंड त्यांचे विद्यार्थी, क्विन्सी जोन्स त्यांचे विद्यार्थी, अर्जेंटिनाचे आस्तोर पियाझोला त्यांचे विद्यार्थी. काउंटरपॉइंटचे धडे त्या निर्दयपणे गिरवून घेत, आणि तेवढं झालं की ज्याचं त्याला आपल्या घरी परत पाठवत. पियाझोला तिथे सिंफनी लिहायला गेले होते; परतले ते टँगोकडे. भाटियांनंतर काही वर्षांनी फिलिप ग्लासही त्याच दारात आले, आणि त्याच मुक्कामात रविशंकरांच्या चित्रपटसंगीताची पाश्चात्य वादकांसाठी स्वरलिपी करता करता त्यांना भारतीय तालाचं गणित सापडलं. पॅरिसमध्ये एक अमेरिकन आपल्या तालाशी झटत होता आणि त्याच शहरात काही वर्षं आधी मुंबईचा एक कच्छी तरुण फ्यूग सोडवत बसला होता. अदलाबदलीचा हा हिशेब संगीताच्या इतिहासकारांनी कधीतरी नीट मांडायला हवा.

फ्यूगचा उल्लेख आलाच आहे, तर भाटियांपुढचा पेच काय होता तेही सांगतो. फ्यूगमध्ये एक आवाज एक सूत्र घेऊन निघतो, ते सांगून झालं की दुसरा आवाज तेच सूत्र वेगळ्या पट्टीत उचलतो, पहिला मात्र थांबत नाही, तो त्यावर दुसरं काही बोलत राहतो, मग तिसरा. तीन-चार स्वतंत्र ओळी एकाच वेळी चालतात आणि तरीही एकमेकींना धरून राहतात. आपलं संगीत याच्या अगदी उलट प्रकृतीचं. इथे षड्ज हलत नाही. तानपुरा तो धरून ठेवतो आणि एकच ओळ त्याच्याशी नातं जोडत, तोडत, परत जोडत पुढे जाते. तिच्याखाली बदलते कॉर्ड लावले की षड्जाचं आसनच डळमळतं. भैरव भैरव राहत नाही, भैरवाचे स्वर असलेली एखादी वेगळीच धून होऊन बसते. हिंदी चित्रपटातल्या पुष्कळ 'फ्यूजन'ची हीच गत आहे. वर राग, खाली तयार कॉर्ड, आणि दोघांची ओळखदेख नाही.

माझ्या कानाला भाटियांची वाट वेगळी वाटते ती इथे. त्यांनी कॉर्डपेक्षा ओळींवर भर दिला. खालची ओळही त्याच रागाच्या स्वरांतून काढायची, तिला तिची चाल द्यायची, आणि दोन ओळी जिथे एकत्र येतील तिथे जे उभं राहील तीच हार्मनी समजायची. हे सांगायला सोपं आहे, करायला महाकठीण, कारण आपल्या रागांत आरोह-अवरोहाची वळणं ठरलेली असतात आणि दोन ओळींनी ती एकाच वेळी पाळायची म्हणजे दर दोन मात्रांना अडचण. सगळीकडे त्यांना ते साधलं असं मी म्हणणार नाही. काही ठिकाणी व्हायोलिनांची दाटी एवढी होते की रागाला श्वास घ्यायला जागा उरत नाही. पण प्रश्न त्यांनी बरोबर ओळखला होता.

१९५९ मध्ये भाटिया परतले. दिल्ली विद्यापीठात १९६० ते १९६५ या काळात पाश्चात्य संगीतशास्त्राचे प्रपाठक होते. त्याच्या आगेमागेच जाहिरातींचं काम सुरू झालं. पहिली जाहिरात शक्ती सिल्क साडीची. पुढे जिंगलांचा आकडा सात हजारांच्या घरात गेला असं सांगितलं जातं.

जाहिरातीच्या कामाकडे नाक मुरडणाऱ्यांनी त्यातलं गणित एकदा बघावं. पस्तीस मिलिमीटरच्या फिल्मवर सेकंदाला चोवीस चौकटी. तीस सेकंदांची जाहिरात म्हणजे सातशे वीस चौकटी, पंचेचाळीस फूट फिल्म. त्यात सुरुवात हवी, बढत हवी, मालाचं नाव ज्या चौकटीत येतं तिथे नेमका ठोका हवा आणि शेवट असा हवा की ऐकणाऱ्याला तो घरी नेता यावा. एक मात्रा इकडची तिकडे झाली तर सगळं चुकतं. सकाळी वादक येणार, दुपारपर्यंत टेक संपणार, संध्याकाळी दुसरी जाहिरात. अशी रियाझशाळा बुलांजेबाईंनाही देता आली नसती. शिवाय प्रत्येक माल वेगळा, म्हणून प्रत्येक वेळी वाद्यांचा मेळ वेगळा. फसलं तर पुढच्या आठवड्यात दुसरं काही करून बघायची मुभा. मैफलीच्या रचनाकाराला एक कृती वाजवून घेण्यासाठी वर्षानुवर्षं थांबावं लागतं. भाटियांना आपण काल लिहिलेलं आज ऐकायला मिळत होतं.

समांतर सिनेमाचा जन्मही याच वस्तीतला, हे आपण सोयीस्करपणे विसरतो. श्याम बेनेगल जाहिरातपटांतून आलेले. त्यांच्या 'अंकुर'ला (१९७४) पैसा लावला तो चित्रपटगृहांत जाहिराती पुरवणाऱ्या ब्लेझ कंपनीनं. छायाचित्रणाला गोविंद निहलानी. भाटियांना या मंडळींनी बोलावलं ते विचारसरणी तपासून नव्हे; कमी पैशांत, ठरल्या वेळात, घड्याळ लावून नेमकं काम करून देणारा हा माणूस आहे हे त्यांना ठाऊक होतं. 'अंकुर'मध्ये पार्श्वसंगीत फार थोडं आहे. शब्द संपले की व्हायोलिन सुरू करायची सवय ज्या सिनेमाला होती, त्यात संगीतकारानंच हात आखडता घेणं ही मोठी गोष्ट होती. मुंबईच्या स्टुडिओत ते किती अवघड, हे ज्यांनी पार्श्वसंगीताचं रेकॉर्डिंग पाहिलं आहे त्यांना सांगायला नको. वादक बसलेले असतात, बिल चालू असतं, निर्माता काचेपलीकडून बघत असतो. न वाजवण्याचे पैसे द्यायला कोण तयार होणार?

मग 'मंथन' (१९७६). गुजरातच्या पाच लाख दूधउत्पादकांनी दोन-दोन रुपये घालून काढलेला चित्रपट, पटकथा विजय तेंडुलकरांची. त्याचं शीर्षकगीत प्रीती सागरनं गायिलं, शब्द तिची बहीण नीती सागर हिचे. या गाण्यासाठी प्रीतीला फिल्मफेअर पारितोषिक मिळालं आणि पुढे हेच गाणं अमूलच्या जाहिरातीत गेलं. जाहिरातीतून सिनेमात आणि सिनेमातून परत जाहिरातीत: भाटियांच्या बाबतीत या दोन दालनांमधली भिंत किती पातळ होती, याचा याहून चांगला दाखला मला सुचत नाही.

मराठी वाचकाला सर्वांत जवळचा वाटेल तो 'भूमिका' (१९७७). हंसा वाडकरांचं 'सांगत्ये ऐका' हे आत्मकथन त्याच्या मुळाशी आहे. गीतं मजरूह सुलतानपुरी आणि आपले वसंत देव यांची. नायिकेचं आयुष्य बोलपटाच्या सुरुवातीच्या काळापासून पन्नाशीच्या दशकापर्यंत चालतं, तेव्हा गाण्यांनाही त्या त्या काळाचा वास हवा होता. भाटियांनी ते नक्कल करून केलं नाही. चाळिशीतली चाल कशी बांधली जात असे, वाद्यं किती असत, मधला पीस किती लांबीचा असे, हे सगळं त्यांनी अभ्यासकाच्या डोळ्यांनी पाहिलं आणि त्याच चौकटीत नव्यानं लिहिलं. नायिकेची आजी जुन्या घराण्यातली गाणारी. त्या जगासाठी त्यांनी साक्षात सरस्वतीबाई राण्यांना गायला बसवलं, आणि त्यांच्याबरोबर त्यांची नात मीना फातर्पेकर. अब्दुल करीम खाँसाहेबांची लेक आणि तिची नात, पडद्यावरच्या आजी-नातीसाठी. पॅरिसहून शिकून आलेल्या माणसाला हे सुचावं, यातच त्याच्या कानाची साक्ष आहे. पुढे 'सरदारी बेगम'साठी (१९९६) आरती अंकलीकर-टिकेकरांचा आवाज घेतानाही हाच कान कामी आला.

इथे गोव्याच्या लोकांचा उल्लेख आल्यावाचून राहणार नाही. हिंदी चित्रपटसंगीताच्या सुवर्णकाळात बहुतेक संगीतकार पेटीवर चाल सांगत आणि ती कागदावर उतरवून, वाद्यांत वाटून, तिला वाद्यवृंदाचं अंग देण्याचं काम गोव्याचे अरेंजर करत. सेबॅस्टियन डिसूझा, चिक चॉकलेट, माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस. त्यांची नावं पडद्यावर क्वचितच आली. चाल एकाची आणि बांधणी दुसऱ्याची, ही या धंद्याची घडीच होती. भाटिया या घडीत बसणारे नव्हते. ते स्टाफ नोटेशन स्वतः लिहीत. व्हायोला काय वाजवील आणि चेलो कुठे गप्प बसेल हे चाल सुचतानाच ठरलेलं असे. त्यांच्या संगीतात चाल आणि साज वेगळे काढता येत नाहीत ते म्हणूनच. आणि त्यांची गाणी पेटीवर वाजवून बघितली तर निम्मी हरवतात तीही म्हणूनच.

गोव्यातच घडणारा 'त्रिकाल' (१९८५) या दृष्टीनं मुद्दाम ऐकावा. लोटलीला मारिओ मिरांडांच्या वाड्यात चित्रित झालेला, पोर्तुगीज सत्तेच्या अखेरच्या दिवसांतला. तिथे पाश्चात्य संगीत बाहेरून आणून चिकटवावं लागत नाही. ते त्या घराचंच आहे. रेमो फर्नांडिस पडद्यावर गातात तेव्हा कोंकणी शब्द आणि युरोपीय हार्मनी यांचं चारशे वर्षांचं बिऱ्हाड आपल्यासमोर असतं. भाटियांचा आयुष्यभराचा पेच गोव्याच्या माणसानं आधीच, कुठलाही सिद्धान्त न मांडता, सोडवून ठेवला होता. अपर्णा सेन यांच्या '३६ चौरंगी लेन'मध्येही (१९८१) असंच झालं आहे: कलकत्त्यातली एकाकी अँग्लो-इंडियन शिक्षिका, जुना ग्रामोफोन, नाताळ. विजया मेहतांच्या 'पेस्तनजी'त पारशी घर. जिथे पात्रांच्या बैठकीतच पियानो शोभून दिसतो, तिथे भाटिया सर्वांत सैल आणि सहज होतात.

आता दूरदर्शन. 'यात्रा', 'वागले की दुनिया' वगैरे मालिका त्यांनी केल्या. त्यांवर मी इथे वेळ घालवत नाही. 'तमस' मात्र वेगळी. भीष्म साहनींची कादंबरी, निहलानींचं दिग्दर्शन, १९८८ चा जानेवारी. प्रक्षेपण थांबवावं म्हणून प्रकरण मुंबई उच्च न्यायालयात आणि पुढे सर्वोच्च न्यायालयात गेलं. दोन्हीकडे मालिकेच्या बाजूनं निकाल लागला. फाळणीवरच्या कृतीला संगीत देताना करुण रसाचा मोह टाळणं जवळजवळ अशक्य. भाटियांनी सुरुवातीलाच एका आवाजाची हाक दिली, आणि तिला गाणं होऊ दिलं नाही. ती विलाप आहे, आळवणी आहे, पण तिचा मुखडा-अंतरा होत नाही, म्हणून ती ऐकून समाधान मिळत नाही. त्या वर्षीचं संगीतदिग्दर्शनाचं राष्ट्रीय पारितोषिक याच कामाला मिळालं.

आणि त्याच वर्षी सुरू झालेली 'भारत एक खोज', त्रेपन्न भागांची. नेहरूंनी १९४४ मध्ये नगरच्या किल्ल्यात कैदेत असताना लिहिलेल्या ग्रंथावर बेनेगलांनी ती उभी केली. पाच हजार वर्षांच्या कथेला एकच शीर्षकसंगीत कसं देणार? भाटियांनी नासदीय सूक्त निवडलेलं ऐकताना माझ्यासारख्याला दरवेळी नवल वाटतं ते याचं, की सरकारी वाहिनीवरच्या राष्ट्रीय मालिकेची सुरुवात एका शंकेनं होते. हे विश्व कुठून आलं ते कोणाला ठाऊक, असं विचारणारं सूक्त. वेदपठणात उदात्त, अनुदात्त, स्वरित अशी स्वरांची मोजकीच चढउतार. तिच्यावर भाटिया समूहस्वरांची इमारत चढवतात, पण पठणाची लय मोडत नाहीत. आधी संस्कृत, मग वसंत देवांनी केलेलं हिंदी रूप. समूहगान आपल्याकडे बहुधा सगळ्यांनी एका सुरात गायचं असतं, प्रार्थनेसारखं किंवा समरगीतासारखं. इथे ते प्रश्न विचारतं. लंडन, पॅरिस, साबण, साड्या या सगळ्यातून गोळा केलेलं कसब त्या मिनिट-दोन मिनिटांत एकवटलं आहे, आणि ते ऐकायला पुण्यात, परभणीत, पणजीत माणसं आंघोळी उरकून बसत होती. १९८९ मध्ये त्यांना संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला तो सर्जनशील आणि प्रयोगशील संगीत या विभागात. त्या विभागातल्या किती जणांचे प्रयोग इतक्या घरांत वाजले असतील?

याची किंमत त्यांनी दिली नाही असं नाही. पियानोसाठीची फँटेझिया आणि फ्यूग, तंतुवाद्यांसाठीची सिनफोनिया कॉन्चेर्तांते या कृती फार थोड्यांनी ऐकल्या. गिरीश कार्नाडांच्या नाटकावरचा 'अग्निवर्षा' हा ऑपेरा त्यांनी उतारवयात हाती घेतला. त्याचा काही भाग २०१२ मध्ये सादर झाला तो न्यूयॉर्कला. त्याच वर्षी पद्मश्री. त्यांची 'रेव्हरी' ही चेलोची रचना २०१९ च्या जानेवारीत यो-यो मा यांनी मुंबईत वाजवली, तेव्हा भाटिया एक्याण्णव वर्षांचे होते. ७ मे २०२१ रोजी ते गेले. मधल्या काळात मुख्य प्रवाहातल्या हिंदी चित्रपटांना त्यांनी पार्श्वसंगीत दिलं, त्यातलं बरंचसं मला हिशेबी वाटतं. वाद्यवृंद होता, कसब होतं, समोरच्या पडद्यावर मात्र त्या कसबाला प्रश्न घालणारं काही नव्हतं.

हे पुस्तक वाचणाऱ्याची एक व्यावहारिक अडचण आहे. गाण्यांच्या तबकड्या निघत, पार्श्वसंगीताच्या सहसा निघत नसत. त्यामुळे भाटिया वाचायचे तर चित्रपट लावूनच बसावं लागेल. माझी सूचना अशी, की क्रमाच्या भानगडीत पडू नये. आधी 'भारत एक खोज'चं शीर्षकसंगीत दोनदा ऐकावं, दुसऱ्या वेळी सर्वांत खालच्या आवाजाच्या मागे जावं. मग 'भूमिका', आणि त्यात गाण्यांपेक्षा गाण्यांच्या मधल्या जागा. 'अंकुर' पाहताना संगीत कुठे कुठे नाही याची कागदावर नोंद करावी. ती यादी लांबलचक होईल. 'तमस' एका बैठकीत पाहू नये. आणि जुन्या जाहिराती सापडल्या तर त्या घड्याळ लावून ऐकाव्यात: मालाचं नाव कितव्या सेकंदाला येतं, आणि त्याआधीच्या दोन सेकंदांत वाद्यं काय करतात.